नर्मदेच्या पाण्यावर एक दिवस

आमची भाची माल्टा नावाच्या बेटावर परिचारिका आहे. २०२३ च्या नाताळाला ती तीन वर्षांनी रजेवर आली. आधी भुसावळला आईवडिलांकडे राहिली आणि सणाच्या दुसऱ्या दिवशी धुळ्याला आमच्याकडे आली. येताना तिने कुलकुल, करंज्या, जळगावची हिरवी वांगी आणि मोबाईलमध्ये साठवलेली शेकडो छायाचित्रे आणली. वांग्यांचे भरीत होईपर्यंत छायाचित्रे पाहण्याचा कार्यक्रम झाला.

त्यांतील बहुतेक एका दिवसाच्या जलप्रवासाची होती. सकाळी बोटीत बसायचे, कोमिनो नावाच्या चिमुकल्या बेटाला वळसा घालायचा, गोझो बेटाच्या उभ्या कड्यांखालून आणि गुहांच्या तोंडांवरून जायचे, दुपारी बोटीवरच जेवायचे आणि सूर्य कलताना परतायचे, असा तेथील रिवाज आहे. मधासारख्या पिवळ्या चुनखडीचे कडे आणि त्यांच्या पायाशी निळीच्या पुडीसारखे पाणी. गोझोच्या किनाऱ्यावर समुद्राने कोरलेली दगडाची एक प्रचंड कमान होती, तिच्या खिडकीतून पलीकडचे आकाश दिसे. ८ मार्च २०१७ रोजी वादळात ती कोसळली. भाची तेथे गेली ती त्यानंतर, म्हणून तिच्या छायाचित्रात नुसते पाणी होते. "नावाडी रोज त्या मोकळ्या जागेकडे बोट दाखवतो आणि लोक रोज तिचा फोटो काढतात," असे ती हसत म्हणाली.

आमचे लक्ष मात्र एका साध्या चित्रावर खिळले. खडकाळ, निर्जन अशा एका लहानशा बेटावर संत पौलाचा पुतळा उभा होता. प्रेषितांची कृत्ये या पुस्तकाच्या २७ व्या आणि २८ व्या अध्यायांतील गलबतफुटीची हकीकत वाचकांस ठाऊक आहेच. कैदी म्हणून रोमला नेला जाणारा पौल, चौदा दिवसांचे वादळ, गलबतावरील २७६ जीव, आणि अखेर फळ्यांच्या आधाराने गाठलेला अनोळखी किनारा. जुन्या मराठी भाषांतरात ज्या बेटाचे नाव मिलिता असे येते तेच हे माल्टा. त्या बेटावरील लोकांनी भिजलेल्या, कुडकुडणाऱ्या परक्यांसाठी आधी शेकोटी पेटवली, हा तपशील आम्हांला लहानपणापासून त्या कथेतील सर्पापेक्षाही अधिक आवडत आला आहे.

"मावशी, काका, तुम्ही एकदा याच. आपल्या खानदेशात असलं पाणी कुठलं?" भाची म्हणाली.

प्रश्न बरोबर होता. उन्हाळ्यात पारा ४५ अंशांवर जातो, आमच्या गल्लीत नळाला कित्येक दिवसांआड पाणी येते, आणि समुद्र म्हटला की आम्ही मुंबईची वाट धरतो. पण आम्ही उभयता निवृत्त शिक्षक; एकाचा विषय भूगोल, दुसरीचा मराठी. भूगोलाच्या शिक्षकाला राहवले नाही. "समुद्र नाही, पण बेटे आहेत," त्यांनी उत्तर दिले. "आपल्या जुन्या धुळे जिल्ह्यातच आहेत."

भाचीला ती थट्टा वाटली. वास्तविक तो एका जुन्या ऋणाचा उल्लेख होता, हे आम्हा दोघांनाच कळले.

२७ डिसेंबरला निघालो. दोंडाईच्यानंतर सारंगखेड्याला तापी ओलांडली. दत्तजयंती आदल्याच दिवशी झालेली असल्यामुळे तेथील घोड्यांची यात्रा ऐन भरात होती आणि पूल ओलांडायलाच बराच वेळ गेला. शहादा, म्हसावद मागे पडले, केळी आणि ऊस संपले, सातपुड्याचा घाट लागला. १ जुलै १९९८ रोजी नंदुरबार जिल्हा वेगळा झाला, तोवर हा सारा मुलूख धुळ्याचाच होता; नकाशा शिकवताना आमचे बोट वरच्या टोकाला नर्मदेवर जाऊन थांबे. महाराष्ट्राची उत्तर सीमा म्हणून ती नदी आम्ही तीस वर्षे फळ्यावर काढली. पाहिली एकदाही नव्हती. रात्री धडगावला एका स्नेह्यांच्या घरी मुक्काम केला. थंडी अशी की भाचीने माल्ट्याचा कोट बाहेर काढला.

दुसऱ्या दिवशी, म्हणजे निरपराध बालकांच्या सणाच्या दिवशी, सकाळी भुशाच्या काठावर उभे राहिलो तेव्हा भाची बराच वेळ काही बोलली नाही. समोर नदी नव्हतीच. डोंगरांच्या मांड्यांपर्यंत चढलेले, हिरवट काळे, स्तब्ध पाणी पसरले होते. ओढ्यांच्या दऱ्यांत ते आत शिरून खाड्या झाल्या होत्या, आणि मधूनमधून टेकड्यांचे माथे पाण्याबाहेर उरून त्यांची बेटे झाली होती. चुनखडीऐवजी आपला काळा कातळ आणि गुहांऐवजी बुडालेली खोरी, एवढाच काय तो फरक.

हे सरदार सरोवराचे फुगवट्याचे पाणी. पंडित नेहरूंनी ५ एप्रिल १९६१ रोजी पायाभरणी केली. लवादाचा निवाडा १९७९ चा. भिंत वर्षानुवर्षे टप्प्याटप्प्याने चढत गेली आणि १३८.६८ मीटर उंचीपर्यंत धरण प्रथम पूर्ण भरले ते २०१९ च्या सप्टेंबरमध्ये. महाराष्ट्रातील अक्कलकुवा आणि अक्राणी या दोन तालुक्यांतील ३३ गावे त्यात आली. मणिबेली सर्वांत आधी. धरणाच्या विजेत आपल्या राज्याचा वाटा २७ टक्के आहे. हे आकडे आम्हांला पाठ आहेत, कारण ते आम्ही मुलांकडून पाठ करून घेतले.

१९९३ साली आमच्या पाचवीच्या वर्गात नर्मदाकाठचा एक मुलगा होता. वसतिगृहात राही. त्याचे व त्याच्या गावाचे नाव येथे देत नाही. हडकुळा, अबोल, पोहण्यात मात्र मासा. धरणांचा पाठ चालू असताना त्याने एकदाच हात वर केला. "सर, पाणी थांबल्यावर गाव कुठं जातं?" वर्ग हसला. सरकार दुसरे गाव देते, असे उत्तर देऊन आम्ही पुढच्या परिच्छेदाकडे वळलो. दिवाळीच्या सुटीत तो घरी गेला तो परत आला नाही. त्याच पावसाळ्यात मणिबेलीत पाणी शिरल्याच्या बातम्या आम्ही वर्तमानपत्रांत वाचल्या होत्या. पण त्यांचा आणि रिकाम्या बाकाचा संबंध त्या वेळी आमच्या मनात जुळला नाही. नियमाप्रमाणे दिवस भरल्यावर आम्ही हजेरीपटावरून त्याचे नाव कमी केले. तेव्हापासून वर्षातून एकदा तरी, बहुधा नाताळाच्या सुमारास, आमच्यापैकी कोणीतरी त्याची आठवण काढते.

बोट लोखंडी, डिझेल इंजिनाची, वर ताडपत्रीचे छत. नावाडी चाळिशीचा. त्याने प्रत्येकाला जॅकेट घालायला लावले आणि बंद नीट आवळले आहेत की नाहीत ते स्वतः ओढून पाहिले. २०१९ च्या मकरसंक्रांतीला येथेच, भुशाजवळ, गर्दीने भरलेली नाव उलटून माणसे बुडाली होती. "त्या दिवसापासून मोजूनच माणसं घेतो," तो म्हणाला. ज्यांचे बापजादे ही नदी पोहून ओलांडत त्यांना आता पाण्याची भीती वाटते, हे त्याच्या बोलण्यातून आम्हांला जाणवले. वाहणारे पाणी त्यांच्या ओळखीचे होते. हे उभे, अथांग पाणी नाही.

बोट पश्चिमेकडे निघाली. डावीकडे महाराष्ट्राचा सातपुडा. उजवीकडे आधी मध्य प्रदेश, पुढे गुजरात. किनारा असा खडा की बोट लावायला सपाटी सापडत नाही. पाणी दोनतीन हातच उतरले असावे. तेवढा चिखलाचा फिकट पट्टा प्रत्येक डोंगराला कंबरपट्ट्यासारखा दिसत होता. त्यावर ज्वारीच्या ताटांचे खुंट, मग उतारावर एकेकटी घरे, बांबूच्या ताट्यांची. मधेच पाण्यातून वाळलेल्या झाडाचा पांढरा शेंडा वर आलेला असे, त्यावर पाणकावळा पंख पसरून बसलेला. भाचीने पहिला तास छायाचित्रे काढली. नंतर मोबाईल पिशवीत ठेवून दिला.

"दादा, तुमचं गाव कोणतं?" तिने विचारले.

"आता चाललोय ना ताई, त्याच्यावरनंच." नावाड्याने इंजिनाचा आवाज कमी केला. "इथं खाली आमचं खळं होतं. तिकडं आंबे. आईनं आमचूर वाळवून धडगावच्या बाजारात विकायचं, त्याच्यावर मीठ-मिरची वर्षभर चालायची." आम्ही सर्वांनी बोटीच्या कडेवरून खाली पाहिले. खाली अर्थातच काही दिसत नव्हते. क्षणभर ती माल्ट्याची कोसळलेली कमान आणि तिच्या मोकळ्या जागेकडे रोज बोट दाखवणारा नावाडी आम्हांला आठवला; भाचीलाही आठवला असावा, कारण तिने आमच्याकडे पाहिले आणि मान वळवली.

डोमखेडीचे नाव निघाले. समोरच्या काठावर जलसिंधी. १९९९ च्या पावसाळ्यात चढत्या पाण्यात छातीपर्यंत उभे राहून लोकांनी येथे सत्याग्रह केला. १८ ऑक्टोबर २००० रोजी सर्वोच्च न्यायालयाचा निर्णय धरणाच्या बाजूने लागला. धरण हवे की नको या वादात आम्ही येथे पडत नाही. कच्छ-सौराष्ट्रातील तहानेला आमच्या गल्लीइतके कोण समजेल? पण तहान एकाची आणि घर दुसऱ्याचे, हा हिशेब वर्गात शिकवताना आम्ही कधी मांडला नाही, एवढे कबूल केले पाहिजे. त्याच खोऱ्यात बिलगावच्या लोकांनी बाहेरून आलेल्या तरुण अभियंत्यांच्या साहाय्याने २००३ मध्ये ओढ्याच्या पाण्यावर स्वतःची वीज पेटवली होती. २००६ मध्ये तो प्रकल्पही पाण्याखाली गेला. हे नावाड्याने सांगितले ते एखाद्या पिकाची गोष्ट सांगावी तसे.

दुपारी एका टेकडीच्या बेटावर उतरून भाकरी सोडली. कळण्याची भाकरी, भरीत, ठेचा, केळी आणि नाताळाच्या करंज्या. नावाड्याच्या हाताखालच्या पोराने करंजी अर्धी खाल्ली आणि अर्धी कागदात बांधून खिशात ठेवली. पलीकडच्या किनाऱ्यावर हापेश्वराचे स्थान. उन्हाळ्यात पाणी फार उतरले की जुन्या मंदिराचे शिखर वर येते आणि लोक नावेतून दर्शनाला जातात, असे कळले. आम्हांला त्या ठिकाणी सपाट पाणी दिसले.

मणिबेलीपर्यंत जाण्याचा बेत होता. चिमलखेडीच्या आसपास पोहोचलो तोच वारा सुटला आणि नावाड्याने पाण्याकडे पाहून मान हलवली. याच चिमलखेडीच्या अंगणवाडी सेविका रेलू वसावे २०२० च्या टाळेबंदीत मासेमाराची लहान होडी मागून घेऊन स्वतः वल्हवत, १८ किलोमीटरचे पाणी कापून, पाड्यांवरच्या गरोदर बायांना आणि बालकांना पोषण आहार पोहोचवत असत. हे आम्ही वर्तमानपत्रात वाचले होते. लाटा बोटीच्या कडेवर फुटू लागल्या तेव्हा त्या बातमीचा अर्थ आम्हांला समजला. आमच्या बोटीला इंजिन तरी होते.

परतीच्या वाटेवर, ऊन कलायला लागले असताना, काठावर कोणीतरी लुगडे हलवताना दिसले. तीनचार पुरुष डोंगर उतरत होते, त्यांच्या खांद्यांवर बांबू आणि बांबूला झोळी. झोळीत बाळंतपणाच्या कळा सुरू झालेली एक मुलगी. हो, मुलगीच म्हणावे लागेल, वीस वर्षांची तरी असेल नसेल. बोटीचा दवाखाना या पाण्यावर आहे, पण त्या वेळी तो दुसऱ्या टोकाला होता आणि डोंगरावर मोबाईलला आवाज नव्हता. नावाड्याने आम्हांला विचारलेच नाही. त्याने बोट वळवली, आणि ते योग्यच झाले.

पुढचे दोन तास वर्णन करून सांगण्यासारखे नाहीत. भाचीने कोटाची घडी करून मुलीच्या डोक्याखाली दिली, नाडी पाहिली, पोटावर हात ठेवून कळांमधील अंतर घड्याळावर मोजू लागली. मुलगी पावरी बोले, भाचीला ती येईना. सासू मधे बसून दोघींच्या तोंडाकडे पाही. लाट आली की बोट उचलली जाई आणि मुलगी भाचीचे मनगट इतके घट्ट धरी की नंतर तेथे नखांचे व्रण दिसले. आम्ही दोघे पुढच्या फळीवर पाठ करून बसलो आणि जपमाळ काढली. कितवी वेळ मोजत आहोत याचे भान राहिले नाही.

झोळीबरोबर आलेल्यांपैकी एक वयस्कर गृहस्थ आमच्याजवळ बसले होते. धीर करून आम्ही त्या मुलाच्या गावाचे नाव घेतले.

"ते गाव निम्मं तळोद्याकडं गेलं. रोझव्याला, सोमावलला," ते म्हणाले. "निम्मं वर सरकलं. तुम्हांला कोण पाहिजे?"

आम्ही मुलाचे नाव सांगितले. त्यांनी थोडा विचार केला. "या नावाचे चार आहेत. बापाचं नाव काय?"

आम्ही एकमेकांकडे पाहिले. तीस वर्षे आम्ही ज्याची आठवण काढत होतो त्याच्या बापाचे नाव आम्हा दोघांपैकी एकालाही आठवेना. रोज सकाळी हजेरी घेताना ते आम्ही मोठ्याने वाचले असेल.

"वर्गात होता आमच्या," आम्ही म्हणालो.

"चारांतला एक वारला," ते म्हणाले आणि मुलीकडे वळले.

भुशाला काळोख पडता पडता लागलो. काठावर पोरांनी काटक्यांची शेकोटी केली होती. त्यांनी काही न विचारता जागा करून दिली. जीप यायला वीस मिनिटे लागली. तोवर मुलीला शेकोटीजवळ घोंगडीवर निजवले. मग भाची तिच्याबरोबर जीपमध्ये बसून धडगावच्या ग्रामीण रुग्णालयात गेली आणि आम्ही मागाहून. नावाड्याला ठरल्याहून अधिक पैसे देऊ केले, ते त्याने मोजून परत केले. त्याचा मोबाईल क्रमांक मात्र आम्ही लिहून घेतला. पहाटे मुलगी झाली, दोघी सुखरूप. भाचीला रुग्णालयातील परिचारिकांनी चहा दिला आणि माल्ट्यात पगार किती मिळतो ते विचारले.

परतताना शहाद्यापर्यंत ती झोपून होती. सारंगखेड्याच्या पुलावर जागी झाली तेव्हा म्हणाली, "तिथं माझ्या खोलीत सगळं असतं, मावशी. काल हातात काहीसुद्धा नव्हतं." आम्ही काही बोललो नाही.

जानेवारीत ती परत गेली. १० फेब्रुवारी हा माल्ट्यात संत पौलाच्या गलबतफुटीचा सण. व्हॅलेटाच्या रस्त्यांतून पुतळ्याची मिरवणूक निघते, सज्जांमधून कागदाच्या चिटोऱ्यांचा पाऊस पडतो. तिची छायाचित्रे आली. खाली तिने विचारले होते, भुशाचे पाणी आता किती उतरले?

त्याच आठवड्यात आम्ही आमच्या जुन्या शाळेत गेलो. हजेरीपट कधीच रद्दीत गेले होते, पण जनरल रजिस्टर शाळा कायम ठेवते. लिपिक तरुण होते. त्यांनी शिडी लावून माळ्यावरून बांधलेले गठ्ठे काढले, धूळ झटकली आणि खुर्ची दिली. पान सापडायला अर्धा तास लागला. मुलाचे नाव, बापाचे नाव, जन्मतारीख म्हणून १ जून, कारण अशा सर्वच मुलांची आम्ही तीच लिहीत असू. शाळा सोडण्याचे कारण या रकान्यात आमच्याच हस्ताक्षरात लिहिले होते : सतत गैरहजर.

बापाचे नाव एका कागदावर उतरवून घेतले. घरी येऊन नावाड्याला दूरध्वनी केला. तो पाण्यावर असावा, लागला नाही. संध्याकाळी पुन्हा केला.